मार्बरीचं चीनमधलं करिअर: घसरण म्हणायची की काय?

पाटावरचा_पाटील:
बास्केटबॉल बघणारं कोणी आहे का इथे? क्रिकेटच्या धाग्यावर दोन तासात दोनशे प्रतिसाद पडतात, इथे दोन आले तरी पुष्कळ. प्रश्न स्टेफॉन मार्बरीबद्दल आहे. १९९६ च्या एनबीए ड्राफ्टमधे (अमेरिकन लीगच्या टीम नवे खेळाडू निवडतात तो) चौथ्या नंबरला गेलेला माणूस, त्याच ड्राफ्टमधे कोबी ब्रायंट तेराव्या आणि स्टीव्ह नॅश पंधराव्या नंबरला गेला होता बर का, पुढे दोनदा ऑल-स्टार, करिअरची सरासरी १९ च्या वर पॉइंट्स आणि साडेसातच्या आसपास असिस्ट (ज्यावर बास्केट होते असे पास), आणि असा माणूस ३२ व्या वर्षी उठून चीनच्या लीगमधे जातो, तेही बीजिंग शांघाय नाही तर कोळशाच्या पट्ट्यातल्या कुठल्यातरी गावात. आणि पुढे पाच वर्षांत त्याचा पुतळा उभा राहिलेला असतो, त्याच्यावर नाटक येतं, सगळंच कैच्या कै. मला कळत नाहीये ते हे की हा प्रकार नक्की काय होता, एनबीएत कोणी विचारेना म्हणून गेला का? चिनी लीगचा दर्जाच एवढा कमी आहे का की इथे टाकून दिलेला तिथे देव होतो? आणि असा परदेशी खेळाडू तिथे राहतो कसा, करार पैसे घर वगैरे? जाणकारांनी लिहा, गुगल कर म्हणू नका, केलंय.

कोर्टसाइड_काका:
पाटील, थोडं मागून सुरू करतो, त्याशिवाय तो तिथे का रुजला ते कळायचं नाही. मार्बरी ब्रुकलिनच्या कोनी आयलंडचा. सात भावंडांतला सहावा. थोरले भाऊ पण चांगलं खेळायचे आणि प्रत्येकाच्या वेळेला घरच्यांना वाटायचं की हा एनबीएत जाणार, आणि दर वेळी माशी कुठेतरी शिंकायची. त्यामुळे याच्या डोक्यावर शाळेत असल्यापासून अख्ख्या घराचं ओझं. लिंकन हायस्कूल, जॉर्जिया टेकमधे जेमतेम एक वर्ष आणि १९ व्या वर्षी ड्राफ्ट. मिलवॉकीने घेतला आणि लगेच रे ॲलनच्या बदल्यात मिनेसोटाला दिला, तिथे केव्हिन गार्नेट होता. ही जोडी टिकली असती तर दहा वर्षं कोणाला ऐकली नसती. पण गार्नेटने १९९७ मधे सहा वर्षांचा १२६ मिलियन डॉलरचा करार केला, त्यावरूनच मालक लोक खवळले आणि लॉकआउटनंतर (मालकांनी लीगच बंद ठेवली होती) जे नवे नियम आले त्यात मार्बरीला तेवढा पैसा मिळणं शक्यच राहिलं नाही. त्याने १९९९ मधे ट्रेड, म्हणजे टीमबदल, मागून घेतला आणि न्यू जर्सीला गेला.

आता पुढचं नीट बघा. २००१ मधे न्यू जर्सीने त्याला फीनिक्सला देऊन जेसन किड घेतला, तर न्यू जर्सी लागोपाठ दोन वर्षं फायनलला. जानेवारी २००४ मधे फीनिक्सने त्याला न्यूयॉर्कच्या निक्सला दिला, पुढच्या मोसमात नॅश आला आणि फीनिक्सने ६२ मॅच मारल्या. म्हणजे हा जिथून जातो ती टीम वर जाते, असा शिक्काच बसला. थोडा अन्याय आहे त्यात, पण आकडे समोर होते ना. निक्स म्हणजे घरची टीम, तिथे तर वाटच लागली. कोच लॅरी ब्राऊनशी जाहीर भांडणं, मग पुढचा कोच आयझाया थॉमसशी, आणि डिसेंबर २००७ मधे निक्सच्याच मैदानात, मॅडिसन स्क्वेअर गार्डनमधे, मॅच चालू असतानाच वडिलांच्या छातीत दुखायला लागलं आणि ते गेले, याला मॅच संपल्यावर सांगितलं. पुढच्या मोसमात डिअँटोनी कोच म्हणून आला, त्याने याला खेळवलंच नाही. दोन कोटी डॉलरच्या वर पगार आणि बसून! फेब्रुवारी २००९ मधे करार तोडला, थोडे दिवस बोस्टन.

मग २००९ च्या उन्हाळ्यात इंटरनेटवरचं ते २४ तासांचं लाइव्ह, ज्यात हा रडतोय, नाचतोय, घसा दुखतो म्हणून व्हॅसलीन खातोय. अमेरिकेने पोट धरून हसून घेतलं. नंतर त्यानेच मुलाखतींत सांगितलं की त्या काळात तो डिप्रेशनमधे होता आणि जीव द्यायचे विचार यायचे. मी पण तेव्हा तो व्हिडिओ चार जणांना पाठवला असणार, सगळ्यांनीच पाठवला.

तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर: कोणी विचारतच नव्हतं असं नाही. बोस्टनने किमान पगारावर राहा म्हटलं होतं, त्यानेच नको म्हटलं. मला विचाराल तर त्याला अमेरिकाच नको झाली होती.

मोरपिशी:
काका छान लिहिलंय पण बुटांचं राहिलं की, आणि माझ्या मते खरी गोष्ट तिथेच आहे. २००६ मधे याने स्टारबरी नावाचा बूट काढला, स्टीव्ह अँड बॅरीज नावाची स्वस्त कपड्यांची चेन होती त्यांच्याबरोबर, किंमत १४ डॉलर ९८ सेंट. त्या काळात जॉर्डनचे बूट शंभर-दीडशेच्या घरात, आणि हा गडी तोच पंधरा डॉलरचा बूट घालून एनबीएच्या मॅच खेळायचा. कारण सरळ होतं, सात पोरांच्या घरात महागडे बूट कोण घेऊन देणार. पण २००८ मधे ती चेनच दिवाळखोरीत गेली आणि बूट बंद. चीनला जाताना त्याच्या डोक्यात बास्केटबॉलइतकाच हा धंदा होता, तिकडे बनवायचं तिकडेच विकायचं. तिथली त्याची पहिली टीम शानशी, तिचा मालक पोलादातला पैसेवाला माणूस, त्याच्याशी बोलणं झालं त्यात बुटांचाही विषय होता. तेव्हा उगाच संतमहात्मा करू नका, माणूस धंदा करायला गेला होता आणि त्यात काही वाईट नाही.

आणि दर्जाबद्दल. दर्जा कमी आहेच, त्यात लाजायचं काय. पण "इथला टाकलेला तिथे देव" हे गणित एवढं सोपं असतं तर मॅकग्रेडीचं काय झालं? ट्रेसी मॅकग्रेडी, दोनदा एनबीएचा सर्वाधिक स्कोअरर, २०१२ मधे चिंगदाओला गेला, विमानतळावर हीऽऽ गर्दी, आणि टीम आली शेवटून पहिली. आठ जिंकल्या चोवीस हरल्या. त्याच मोसमात एनबीएतलाच गिल्बर्ट अरिनास शांघायला होता, त्याची आज कोणाला आठवण तरी आहे का. नाव मोठं असलं की तिकिटं खपतात, मॅच जिंकायला वेगळं लागतं.

शहापूरचा_शहाणा:
मी कंपनीच्या कामाने बीजिंगला होतो काही वर्षं, डक्सच्या (मार्बरीची बीजिंगची टीम) मॅच वुकेसोंगला बघितल्यात, म्हणून थोडं लिहितो. टीमची मालकी शोगांगची, म्हणजे सरकारी पोलाद कंपनी. (शानशीचा मालकही पोलादवाला, मार्बरीच्या पत्रिकेत लोखंडच लिहिलेलं होतं.) वुकेसोंग म्हणजे २००८ च्या ऑलिंपिकसाठी बांधलेलं स्टेडियम, १८ हजार माणूस बसतं, आणि बीजिंगचं पब्लिक शिव्या द्यायला अख्ख्या चीनमधे प्रसिद्ध आहे, एका सुरात देतात, पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं टीमची काहीतरी घोषणा असेल, शेजारच्या सहकाऱ्याला अर्थ विचारला तर तो लाजला.

पाटील, परदेशी खेळाडूचं तिथलं आयुष्य आयपीएलसारखं समजू नका. आयपीएलमधे चार परदेशी आणि दोन महिन्यांत घरी. चीनमधे तेव्हा टीमला दोनच परदेशी आणि तेही दोघं पूर्ण वेळ एकत्र खेळवायचे नाहीत असा नियम, खालच्या नंबरच्या टीमला आशियातला एक जास्तीचा मिळायचा. मोसम नोव्हेंबर ते मार्च. बहुतेकांचा करार एका मोसमाचा, पगार महिन्याचा, कर क्लब भरतो, फ्लॅट क्लबचा, ड्रायव्हर क्लबचा, दुभाष्या क्लबचा. ऐकायला राजेशाही वाटतं. पण काम एकच, रोज तीस-चाळीस पॉइंट मारायचे. दोन मॅच हरलात की पहिला बळी परदेशी माणसाचा, कारण चिनी खेळाडूला काढता येत नाही आणि कोचला काढलं तर मालकाची अक्कल निघते. डिसेंबरमधे आलेला माणूस जानेवारीत परतीच्या विमानात, हे नेहमीचं. बायकोपोरं बहुतेकांची अमेरिकेतच, घरी फोन करायचा तर तिकडे रात्र. हॉटेल, जिम, बस, विमान, जिम. बोलायला टीममधला दुसरा परदेशी आणि दुभाष्या, बस.

मार्बरीलाही हे चुकलं नाही, लोक विसरतात. जानेवारी २०१० मधे तैयुआनला, शानशीच्या टीमकडे, आला, महिन्या-दोन महिन्यांत ऑल-स्टार मॅचचा एमव्हीपी (सर्वोत्तम खेळाडू) झाला, तरी शानशीने पुढच्या मोसमाला त्याला ठेवला नाही. मग फोशान, तिथे एक वर्ष, टीम प्लेऑफलाही (शेवटच्या बाद फेऱ्या) नाही गेली, तिथूनही नारळ. म्हणजे २०११ मधे बीजिंगने घेतला तेव्हा तो दोन चिनी क्लबांनी नाकारलेला ३४ वर्षांचा माणूस होता. आणि बीजिंगने तोपर्यंत लीग एकदाही जिंकलेली नव्हती.

कोर्टसाइड_काका:
बरोबर, आणि पहिल्याच वर्षी जिंकली. मोसमाची सुरुवातच सलग १३ विजयांनी. सेमीफायनलला समोर कोण, तर ज्यांनी काढून टाकलं ते शानशी, पाच मॅचपर्यंत ताणलं गेलं. फायनलला ग्वांगडोंग. ही टीम म्हणजे तेव्हाचा बाप, आधीच्या आठ वर्षांत सात वेळा चॅम्पियन, त्यात त्या मोसमात एनबीएतला ॲरन ब्रूक्स त्यांच्याकडे. बीजिंगने ४-१ ने घेतली. ३० मार्च २०१२, पाचवी मॅच, मार्बरीचे ४१ पॉइंट, बीजिंग तीन पॉइंटनी जिंकली. संपल्यावर हा ढसाढसा रडला. एनबीएत १३ मोसम, ऑलिंपिकचं ब्राँझ (२००४ अथेन्स, स्पेनविरुद्ध ३१ मारले होते), सगळं झालं पण चॅम्पियन कुठेच नव्हता झाला तोपर्यंत.

गंमत म्हणजे त्या वर्षी त्याला एमव्हीपी देता येईना, कारण नियमानुसार तो फक्त चिनी खेळाडूलाच. लोकांनी एवढी बोंब मारली की पुढच्या वर्षी परदेशी खेळाडूंसाठी वेगळा एमव्हीपी काढला आणि तो यालाच मिळाला. पुढे २०१४ ला शिनजियांगला आणि २०१५ ला लियाओनिंगला हरवून आणखी दोन. २०१५ ला फायनलचाही एमव्हीपी, ३८ व्या वर्षी.

मोरपिशी:
आकडे ठीक आहेत काका पण का जिंकली? नुसतं मार्बरी चांगला म्हणून? तो फोशानलाही चांगलाच होता की.

कोर्टसाइड_काका:
हा प्रश्न चांगला आहे. माझं मत सांगतो, बाकीच्यांनी खोडून काढा. चीनमधे आलेला अमेरिकन गार्ड साधारण काय करतो, बॉल घेतो, मारतो, पुन्हा घेतो, पुन्हा मारतो, बाकीचे चार चिनी उभे राहून बघतात, कारण करारात बोनस पॉइंटवर आणि पुढच्या वर्षीची नोकरीही पॉइंटवर. आकडे भारी दिसतात, प्लेऑफला टीम गारद. कारण वर शहाण्यांनी लिहिलं तसं, दोन्ही परदेशी सगळा वेळ मैदानात ठेवताच येत नाहीत, त्यामुळे शेवटी मॅच ठरते ती तुमचे देशी खेळाडू काय करतात त्यावर. मार्बरी मुळातला पॉइंट गार्ड, म्हणजे खेळ रचणारा, त्याला पास द्यायला आवडायचं (निक्सवाले हसतील, हसू देत). बीजिंगला आत उंच रँडॉल्फ मॉरिस होता आणि बाहेरून शूट करणारी चिनी पोरं होती. कोच मिन लुलेई शांत माणूस, त्याने याला मोकळीक दिली, आणि याने सरावाला सगळ्यांच्या आधी यायचं, पोरांना घेऊन एक्स्ट्रा शूटिंग करायचं, असं लावून धरलं. नंतर झू यानशी, झाय शियाओछुआन अशी तरुण पोरं आली, सुन यूए आला जो २००९ मधे एनबीएत लेकर्सकडे असताना चॅम्पियनची रिंग घेऊन बसला होता. २०१४-१५ ची टीम बघा, त्यात मार्बरी सगळ्यात जास्त मारणारा नाहीच बऱ्याच मॅचमधे. टोपणनावही लोकांनी "पोलिटिकल कमिसार" ठेवलं होतं, लष्करात तुकडीचं मनोबल बघणारा अधिकारी असतो ना तो. निक्समधे ज्याला ड्रेसिंग रूमचा कॅन्सर म्हणायचे तोच माणूस.

शहापूरचा_शहाणा:
आणि शहरात राहिला हो. बाकीचे मोसम संपला की दुसऱ्या दिवशी विमानात, हा मेट्रोने फिरायचा, वेबोवर (चिनी ट्विटरच म्हणा) रोज काहीतरी टाकायचा, बीजिंग माझं घर आहे म्हणायचा. दुभाष्या लागायचाच त्याला, चिनी काही धड आली नाही, पण तिथल्या लोकांना ते चाललं. २०१२ मधेच स्टेडियमबाहेर पुतळा, २०१४ मधे मानद नागरिकत्व आणि त्याच वर्षी ते नाटक, ज्यात हा स्वतःच स्वतःची भूमिका करतो. नंतर कायमस्वरूपी राहण्याचं कार्डसुद्धा मिळालं, जे चीन परदेशी माणसाला सहजासहजी देत नाही, आमच्या कंपनीत पंधरा वर्षं राहिलेले जर्मन लोक होते त्यांना नाही मिळालं. आता मोरपिशी म्हणतात तसं हे सगळं धंद्यालाही पोषक होतंच. पण नुसत्या धंद्यासाठी माणूस आठ वर्षं तिथल्या थंडीत गुडघे झिजवत नाही असं मला वाटतं.

टपरीवरचा_एजंट:
पैशाबद्दल कोणी नीट लिहिलं नाही म्हणून. चीनमधे मोठ्या नावाला पैसे बरे मिळतात, पण परदेशात खेळणाऱ्या हजारो अमेरिकन पोरांचं आयुष्य वेगळंच असतं. तुर्कस्तान, ग्रीस, इस्रायल, फिलिपिन्स, लेबनॉन, दर वर्षी नवीन देश. पगार वेळेवर न मिळणं हा तर या धंद्याचा स्थायीभाव. तेवढ्यासाठी फिबाने (बास्केटबॉलची जागतिक संघटना) २००७ मधे जिनिव्हाला लवाद काढला, बॅट म्हणतात त्याला, क्लबने पैसे बुडवले की खेळाडू तिकडे जातो, निकाल लागूनही क्लबने दिले नाहीत तर फिबा त्या क्लबला नवीन परदेशी खेळाडू घ्यायला बंदी घालते. मग क्लब झक मारत देतो, किंवा क्लबच बंद करून नव्या नावाने काढतो.

दुसरी युक्ती पासपोर्टची. युरोपात परदेशी खेळाडूंची मर्यादा असते, म्हणून अमेरिकन पोरं कुठलातरी युरोपियन पासपोर्ट मिळवायच्या मागे. राष्ट्रीय टीमकडून खेळशील तर देतो, असा व्यवहार. फिबा एका टीमला असा एकच खेळाडू देते. बो मॅककॅलेब मॅसिडोनियाकडून खेळला, अँथनी रँडॉल्फ स्लोव्हेनियाकडून, आणि स्लोव्हेनिया २०१७ ला युरोपचा चॅम्पियन झाला की. चीनमधे ती सोय नव्हती, मार्बरी कितीही लाडका असला तरी शेवटपर्यंत "परदेशी"च्या कोट्यात. आणि म्हणूनच २०१७ ला डक्सने नमस्कार केला, चाळिशीच्या माणसावर दोनातली एक जागा कोण घालवणार. हा अजून खेळायचंच म्हणत होता, त्यांनी कोचिंगमधे ये म्हटलं, याने नको म्हटलं आणि त्याच शहरातल्या दुसऱ्या टीमकडे गेला, बैकोंगच्या. ११ फेब्रुवारी २०१८ ला शेवटची मॅच, २० पॉइंट, नऊ दिवसांनी एक्केचाळीस पूर्ण.

पाटावरचा_पाटील:
भारी माहिती, सगळ्यांचे आभार. तो शूटिंग आणि देशी खेळाडूंचा मुद्दा पटला. आता एक उपप्रश्न, आपली पोरं कुठे बाहेर जातात का? सतनाम सिंगचं ऐकलं होतं, पुढे काय झालं?

टपरीवरचा_एजंट:
सतनाम २०१५ ला डॅलसने ५२ व्या नंबरला घेतला, एनबीएत एकही मॅच खेळला नाही, एनबीएच्या दुय्यम डेव्हलपमेंट लीगमधे बसून होता, मग कॅनडात सेंट जॉन्सला खेळला, पुढे डोपिंगमधे दोन वर्षांची बंदी आणि नंतर अमेरिकेत कुस्तीच्या शोमधे गेला. अमृतपाल सिंग आणि अमज्योत सिंग आधी जपानमधे खेळले, मग अमृतपाल ऑस्ट्रेलियात सिडनी किंग्जकडे आणि अमज्योत ओक्लाहोमाच्या डेव्हलपमेंट टीमकडे. बाकी आपल्याकडे गणित सोपं आहे, रेल्वे, ओएनजीसी, पोलीस, सैन्य, स्पोर्ट्स कोट्यातून नोकरी लागली की पोरगा सेट. रजा आणि एनओसीची भानगड करून एका वर्षाच्या करारावर परदेशात कोण जाणार, आणि घरचे जाऊ देणार का.

मोरपिशी:
पुरुषांचंच बोलताय सगळे. पुण्याची शिरीन लिमये भारताच्या टीमची कॅप्टन होती, इथल्या किती जणांना नाव माहीत होतं? हात वर करा.

पाटावरचा_पाटील:
मला नव्हतं. कॉलेजला आमच्या कोर्टवर क्रिकेट खेळायचे लोक, त्यामुळे माफी असावी.

कोर्टसाइड_काका:
मोरपिशी, बुटांवरून आठवलं. मार्च २०२० मधे न्यूयॉर्कमधे कोरोनाने हाहाकार होता आणि मास्क मिळत नव्हते, तेव्हा मार्बरी बीजिंगमधे बैकोंगच्याच टीमचा कोच होता. त्याने चीनमधल्या एका पुरवठादाराशी बोलून न्यूयॉर्कला एक कोटी एन-९५ मास्क द्यायचा प्रस्ताव दिला होता, बातम्यांत भाव आला होता पावणेतीन डॉलर एक, बाजारात तेव्हा साडेसात चालू होता. आता हा धंदा की प्रेम ते तुम्ही ठरवा.

मोरपिशी:
दोन्ही. पंधरा डॉलरच्या बुटातही दोन्ही होतं.